बाबांच्या अंगातले घोडे

आमच्या माणसांचा आणि घोड्याचा कधी संबंध आला नाही. आमचं गाव कोकणात, समुद्रापासून वर चढत गेलेलं, वाटा सगळ्या दगडी पायऱ्यांच्या. तिथे बैल चालतो, म्हैस चालते, माणूस डोक्यावर भाताचं ओझं घेऊन चालतो. घोडा नेला असता तर पहिल्याच घाटीत पाय मोडून बसला असता. बाबा गिरणीत लागले तेव्हा मुंबईत घोडागाड्या होत्या, पण ते कधी बसले नाहीत, पाय धड असताना गाडी कशाला म्हणून. मी मुलुंडमध्ये वाढले. माझ्या वाट्याला आलेले घोडे तीनच: चौकातल्या पुतळ्याखालचा, शेजाऱ्यांच्या देव्हाऱ्यातल्या खंडोबाखालचा आणि लग्नसराईत रस्ता अडवणारा. तिघांच्याही पाठीवर कुणीतरी बसलेलं असे, आणि बघायचं ते त्या बसलेल्याकडे. घोडा म्हणजे वरच्या माणसाला उंच दाखवायची सोय, एवढंच माझं मत होतं, आणि माझी मतं सहसा बदलत नाहीत. हा गुण मी बाबांकडून घेतला आहे.

बाबा आता अठ्ठ्याहत्तरचे. आई गेल्यापासून आम्ही दोघंच. मी एका शाळेच्या प्रयोगशाळेत सहायक आहे, बाबा गिरणीतून घरी बसलेले. दर जुलैत त्यांना टाकळा लागतो. पावसात आपोआप उगवणारी ही पालेभाजी आमच्या बाजारात जुडी बांधून मिळते, पण विकत घेतलेल्या टाकळ्याला चव नसते असं बाबा म्हणतात. म्हणून ते पिशवी घेऊन डोंगराच्या पायथ्याशी जातात आणि झुडपात वाकून एकेक कोवळा शेंडा खुडतात. मी सांगून थकले. त्या वयाच्या माणसाला सांगणं आणि भिंतीला सांगणं यात भिंत बरी, ती उलट बोलत नाही.

त्या रविवारी ते आठला परत आले आणि वर्तमानपत्र पसरून भाजी निवडायला बसले. मी चहा घेऊन गेले तर डावा हात मांडीवर ठेवून एकाच हाताने निवडत होते. डाव्या हाताचा अंगठा सुजून जांभळा झाला होता.

"हाताला काय झालं?"

"काय नाय गो. बारीकसा किरडू चावला."

किरडू म्हणजे साप. मला वाटलं मी चुकीचं ऐकलं.

"साप चावला आणि तुम्ही भाजी निवडताय?"

"मुंबयचा किरडू ता," बाबा शांतपणे म्हणाले. "तेका खंयचा विष?"

हे मुंबईत फक्त आमच्या माणसाच्या तोंडून येऊ शकतं. बाबा फुरशांच्या मुलखात वाढले. वीतभर लांबीचा साप धडधाकट माणसाला नेतो हे त्यांनी लहानपणी डोळ्यांनी पाहिलं होतं, आणि त्यामुळे इतर कुठल्या सापाला मान द्यायची त्यांची तयारी नव्हती. मुंबईचे मासे शिळे, मुंबईचा नारळ पोचट, मुंबईचं पाणी बेचव. साठ वर्षं इथे काढून त्यांनी हा हिशेब पक्का केला होता, त्यात सापही बसवला. चहा पिऊन त्यांनी मोरीत चूळ भरली. पाणी गुलाबी पडलं. हिरड्यांतून रक्त येत होतं.

"आता वाट लागली," मी म्हटलं आणि तशीच, घरातल्या गाऊनवर ओढणी टाकून, त्यांना रिक्षात घातलं.

हॉस्पिटलात डॉक्टर बाई माझ्या निम्म्या वयाची होती. तिने बाबांचं रक्त काढलं आणि काचेच्या एका परीक्षानळीत घालून खिडकीजवळच्या टेबलावर उभं ठेवलं. वीस मिनिटं कुणी हात लावायचा नाही, म्हणाली. वीस मिनिटांनी नळी तिरकी करायची. रक्त गोठलेलं असेल तर विष भिनलेलं नाही. वाहिलं तर भिनलं. नळी नवी कोरी लागते, साबणाने धुतलेली असली तरी उत्तर चुकू शकतं. सव्वीस वर्षं मी परीक्षानळ्या धुते आहे, हजारो धुतल्या असतील, फोडल्याही असतील. बोटभर काचेत माणसाचं मरण-जगणं उभं राहतं हे मला त्या सकाळी कळलं. मी त्या नळीसमोर हात मागे बांधून उभी राहिले.

डॉक्टरने नळी तिरकी केली. रक्त पाण्यासारखं वाहत काठापर्यंत आलं.

"साप कुठला ते ओळखलं का कुणी?" तिने विचारलं. मी नाही म्हटलं. "हरकत नाही. नाग, मण्यार, घोणस, फुरसं, चौघांना औषध एकच. यांना आधी कधी घोड्याचं सिरम दिलंय?"

"घोड्याचं?"

"हे औषध घोड्याच्या रक्तातून येतं. कुणाकुणाला सोसत नाही."

मला हे माहीत होतं. आमच्या शाळेतल्या मुलांनाही माहीत आहे, एका मार्काचा प्रश्न आहे तो. रिकाम्या जागा भरा: सर्पदंशावरील औषध बनवण्यासाठी अमुक प्राण्याचा उपयोग होतो. मुलं घोडा लिहितात, मार्क मिळतो, विषय संपतो. माझाही विषय तिथेच संपला होता.

नर्सने दहा कुप्या आणल्या. प्रत्येकीच्या तळाशी पांढरी भुकटी. तिने एकेकीत पाणी सोडलं आणि मग कुपी दोन तळव्यांमध्ये धरून हळूहळू फिरवायला लागली, देवाच्या वाती वळतात तशी. हलवली की फेस येतो आणि औषध वाया जातं, म्हणाली. दहा कुप्या, एकेक करून, अजिबात घाई न करता. बाबांच्या हाताची सूज तोवर कोपरापर्यंत गेली होती. मला तिला ओरडावंसं वाटत होतं आणि तिचे पायही धरावेसे वाटत होते.

सलाइनमधून औषध सुरू झालं, आणि दहाव्या मिनिटाला बाबांचे दात वाजायला लागले. अंगभर गांधी उठल्या, ओठ सुजले. त्यांचं शरीर घोड्याला आत घ्यायला तयार नव्हतं. डॉक्टरने सलाइनची नळी बंद केली, आधीच भरून ठेवलेलं इंजेक्शन मांडीत दिलं, आणि घड्याळाकडे बघत उभी राहिली. "सापाचं औषध दिल्याशिवाय गत्यंतर नाही," ती मला म्हणाली. "थांबू, मग परत देऊ. हळू देऊ." कापरं उतरलं तेव्हा तिने औषध पुन्हा सुरू केलं, थेंबाथेंबाने. या वेळी बाबांनी ते घेतलं.

आता सहा तास थांबायचं होतं. मग पुन्हा रक्त, पुन्हा नळी. मी डॉक्टरला विचारलं, घोडा हे करतो तरी कसं?

ती तिथल्या स्टुलावर टेकली. सापाचं विष अगदी थोडं, घोडा सोसेल इतकंच, टोचतात. काही दिवसांनी किंचित जास्त. असं महिनोन्‌महिने. घोड्याचं शरीर त्या विषाशी झगडायला शिकतं आणि ते सगळं शिकणं त्याच्या रक्तात उतरतं. मग मानेतून रक्त काढतात. त्यातलं पिवळं पाणी ठेवून घेतात आणि तांबड्या पेशी घोड्याला परत देतात.

"आणि घोडा?"

"उभा असतो," ती म्हणाली. "कॉलेजातून आम्हाला बघायला नेलं होतं. मला वाटलं होतं बांधून घालत असतील, आडवा पाडत असतील. तो नुसता उभा होता. मान थोडी खाली करून."

मला सहजासहजी भारावून जायला होत नाही. पण त्या प्लास्टिकच्या खुर्चीत बसून थेंब पडताना बघत होते आणि अंगावर काटा येत होता. माणसाने या जनावराला काय काय करायला लावलं आहे. लढाईत भाल्यांवर घातलं, डाक वाहायला लावली, तोफा ओढायला लावल्या, बग्ग्यांना जुंपलं, पैजा लावून पळवलं, नवरदेव मिरवायला लावले. राज्यं त्याच्या पाठीवर मिळवली आणि पुतळे मात्र वर बसलेल्याचे केले. हजारो वर्षं झाली तरी त्याच्याकडून घेणं संपलेलं नाही. सगळ्या चित्रांत माणूस वर आणि घोडा खाली. इथे माझ्यासमोर बाबा लोखंडी खाटेवर आडवे होते आणि घोडा त्यांच्या आत उतरत होता. ज्याने कोकणात कधी पाय ठेवला नसेल असं जनावर माझ्या बापाच्या डाव्या हातात शिरून, त्याने कधी न पाहिलेल्या माणसासाठी, सापाशी लढत होतं. एवढी मोठी गोष्ट एका मार्कात कशी बसवली कुणी?

पाच वाजता दुसरी नळी भरली. ही वीस मिनिटं पहिल्या वीसांपेक्षा फार लांब होती. मी खिडकीबाहेर बघत राहिले, नळीकडे बघवेना. डॉक्टरने मला हाक मारली आणि नळी तिरकी केली. रक्त जागचं हललं नाही. मग तिने ती पूर्ण उलटी धरली. काचेच्या तळाशी गडद लाल गोळा घट्ट बसून राहिला. मी रडले. ती नळी मला द्या, असंही काहीतरी बोलले म्हणे, डॉक्टरनेच दुसऱ्या दिवशी हसत सांगितलं.

बाबा उठून बसायला लागले तेव्हा मी त्यांना सगळं सांगितलं. डॉक्टर फेरीला आल्यावर त्यांनी तिलाच विचारलं, "खंयच्या घोड्याचा रगात ता?"

"एका घोड्याचं नसतं, आजोबा. खूप घोड्यांचं एकत्र असतं."

"तेंची नावा?"

"नावं नसतील. नंबर असतात बहुतेक."

बाबांना ते पटलं नाही. ती गेल्यावर मला म्हणाले, "गिरणीत माकाय नंबर होतो. पण नाव पण होता."

पाचव्या दिवशी घरी सोडलं. पंधरा दिवसांनी, हाताची सूज उतरल्यावर, बाबा म्हणाले गाऱ्हाणं घालायचं आहे, मला घोड्याकडे घेऊन चल. संकट टळलं की आमच्यात देवापुढे नारळ ठेवून गाऱ्हाणं घालतात. एकजण मोठ्याने देवाशी बोलतो, प्रत्येक वाक्यानंतर थांबतो, आणि जमलेले सगळे 'होय महाराजा' म्हणतात. ते उत्तर आल्याशिवाय पुढचं वाक्य निघत नाही. मी ते कधी म्हणत नाही. माझा विश्वास नाही, आणि चाळीस माणसांत माझा एक होकार कमी पडला तर कुणाला कळत नाही.

आमच्या भागात लग्नाच्या घोड्या भाड्याने देणाऱ्याची पत्र्याची शेड आहे. आम्ही दुपारी गेलो. तिथे एकच घोडी होती, पांढरी, धुळकट, झूल नाही, मोत्यांच्या माळा नाहीत, पट्टा घासून पोटाजवळचे केस गेलेले. पाठीवर कुणी नसलेला घोडा मी इतक्या जवळून पहिल्यांदा बघितला. तिने मान वळवून माझ्याकडे पाहिलं. तो डोळा एवढा मोठा आणि एवढा शांत होता की मी नजर खाली घेतली.

"बाबा, ही ती नव्हे," मी म्हटलं.

"म्हायत आसा. हिचेच सोयरे ते. निरोप पोचात."

बाबांनी नारळ तिच्यापुढे ठेवला. घोडीवाला म्हणाला, "चाचा, नारियल नहीं खाएगी ये," आणि गुळाचा एक खडा त्यांच्या हातात देऊन बादली भरायला निघून गेला. बाबांनी डावा तळवा घोडीच्या मानेवर ठेवला आणि डोळे मिटले.

"बा देवा म्हाराजा, ज्या घोड्यांनी माका वाचवला, तेंची नावा माका म्हायत नाय. तेंचो गाव म्हायत नाय. तुका म्हायत आसा."

ते थांबले. मी आजूबाजूला पाहिलं. उत्तर द्यायला माझ्याशिवाय तिथे कुणी नव्हतं.

"होय महाराजा," मी पुटपुटले.

"तेंच्या मानेत सुई टोचतत. ता दुखणा कमी कर, म्हाराजा."

"होय महाराजा."

"म्हातारपणाक तेंका चारो मिळांदे, सावली मिळांदे. कोणाक रस्त्यार सोडू नको."

"होय महाराजा." हे मी मनापासून म्हटलं.

"आणि माका जे दिस वाढवन दिलस, तेतूरले थोडे तेंका दी, म्हाराजा."

अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी माणसाकडे वाटायला दिवस असतात किती? आणि ते एकट्या बाबांचे नव्हते. वीस वीस मिनिटं उभी राहून मी ते मिळवले होते, मी. मला राग आला. देव नाही, हे नुसते शब्द आहेत, हे मला पक्कं ठाऊक होतं, आणि तरी त्या दोन शब्दांची भीती वाटत होती. बाबा डोळे मिटून थांबले होते. घोडीही हलली नाही, मान थोडी खाली करून उभी राहिली. त्या घोड्यांना कुणी विचारलं नव्हतं. मला बाबा विचारत होते.

"होय महाराजा," मी म्हटलं.

बाबांनी डोळे उघडले आणि गुळाचा खडा तिच्या तोंडापुढे धरला.