खडीचं वळण

मिरज स्टेशनवर बंगळूरची गाडी लागली, तेव्हा बाबा सायकलची सुटी केलेली चाकं माझ्या बर्थखाली बसवण्याच्या खटपटीत होते आणि आई डब्याच्या दाराशी नुसती उभी होती. तिनं माझ्या शर्टाची कॉलर सारखी केली आणि म्हणाली, "चढावर मला तुझी काळजी नसते. उतारावर असते." मग गाडी सुटायची वाटही न बघता ती जिन्याकडे चालू लागली. बाबा खिडकीशी थांबले होते, पण नजर त्यांचीही जिन्याकडेच होती. मला वाटलं होतं आपण आनंदानं निघालोय. त्या दोघांकडे बघून तसं वाटेना.

तासगावात तुम्ही सगळे मला अजून विचारता, सायकल चालवणं ही नोकरी कशी काय असते? असते. बंगळूरच्या एका व्यावसायिक महिला संघानं मला घेतलं, ते जिंकण्यासाठी नाही. आमच्या मुख्य रायडरच्या पुढं राहून तिला वाऱ्यापासून आडोसा द्यायचा, पाणी आणून द्यायचं, आणि शेवटच्या टप्प्यापर्यंत तिला दमू द्यायचं नाही, एवढंच माझं काम. ती रायडर म्हणजे कस्तुरी. विजापूरची, माझ्याहून थोडी मोठी. तिच्या मराठीत निम्मं कन्नड असायचं आणि माझ्या मराठीत हळूहळू निम्मं इंग्लिश येत गेलं. आम्ही दोघी बसवनगुडीत शारदाअक्कांच्या वरच्या खोलीत राहायचो. अक्कांचं घराणं कितीतरी पिढ्यांपासून इथलंच, तरी घरात मराठी टिकलेलं. पहाटे आम्ही सायकली खाली उतरवताना त्या दारात येऊन म्हणायच्या, "स्वल्प कॉफी पिऊन जावा की." आम्ही थांबायचो नाही. वाहनं वाढायच्या आत शहराबाहेर पडायला हवं असे.

गावाकडे मी द्राक्षबागांमधून सायकल हाणायची तेव्हा रस्त्यावरची माणसं नावानं हाक मारायची. इथं बसचा हॉर्न कुठल्या बाजूनं येतो ते मान न वळवता ओळखायला शिकले. भीती नव्हती. भीती पहिल्यांदा वाटली ती मोठ्या शर्यतीच्या आदल्या दिवशी.

एका दिवसाची शर्यत होती, शहराच्या उत्तरेला, टेकड्यांच्या बाजूला. बाहेरच्या देशांतले संघही आले होते. आदल्या दिवशी आम्ही रस्ता बघायला गेलो. शेवटचा मोठा उतार संपत येतो तिथं डावीकडे एक वळण आहे आणि वळणाच्या आत दगडाची खाण. खडी वाहणारे टिपर तिथूनच बाहेर पडतात. वळणावर बारीक खडी पसरली होती, झाडांची पानं धुळीनं पांढरी झाली होती, आणि रस्त्याच्या कडेचा कठडा आधीच कोणीतरी धडकून वाकवलेला होता. मी उतरून बुटानं खडी बाजूला केली. खाली गुळगुळीत डांबर होतं. तेवढ्यात खाणीत सुरुंग उडाला आणि पायाखालचा रस्ता हलल्यासारखा वाटला.

आम्ही संयोजकांना सांगितलं. ते म्हणाले, उद्या सकाळी झाडून घेऊ, खाण बंद असेल, धोका दिसला तर झेंडा हलवायला वळणावर मार्शल उभा करू. आमच्या मॅनेजरनंही तेच सांगितलं. कस्तुरी हसली आणि म्हणाली, वळणाला घाबरायचं तर घरी लोणची घालत बसायचं. पण परत येताना गाडीतून ती सारखी मागं वळून बघत होती.

शर्यतीच्या दिवशी आभाळ मळकट होतं आणि वारा सारखा दिशा बदलत होता. पहिल्या टप्प्यातच घोळक्यात दोघी पडल्या. मग आणखी एक. चढावर मी कस्तुरीच्या पुढं होते, आणि माथ्यावर पोचलो तेव्हा आमच्यापुढं फक्त एकच परदेशी मुलगी उरली होती. कानातल्या रेडिओवर मॅनेजर म्हणाला, "रोड क्लिअर. सोडा आता." आम्ही उतारावर सुटलो. वाऱ्यानं डोळ्यांत पाणी येत होतं. दूर खाली, झाडांच्या वर, मला पांढरी धूळ उठताना दिसली. खाण बंद असेल तर धूळ कसली?

मी हात वर करून वेग कमी केला. कस्तुरी माझ्या बाजूला आली.

"काय झालं?"

"धूळ बघ. टिपर गेलाय आत्ता."

"तू भेतीस," ती शांतपणे म्हणाली. "मी जातो पुढं." आणि गेली.

मी ओरडले. तिनं ऐकलं असेल किंवा नसेलही. वळणाआड ती दिसेनाशी झाली आणि मग आवाज आला. मोठा नव्हता. पत्र्यावर काहीतरी घासल्यासारखा.

वळणावर कुणी मार्शल नव्हता. खडी कालच्याहून जास्त होती. कस्तुरीची सायकल कठड्यात अडकली होती आणि ती पलीकडच्या चरात पडली होती, डोळे उघडे, पाय भलत्याच दिशेला. परदेशी मुलगी वाचून पुढं गेली होती. मी सायकल रस्त्यात आडवी टाकली आणि मागून येणाऱ्यांना हात हलवत राहिले. घोळका माझ्या अंगाजवळून ब्रेक दाबत, शिव्या देत गेला. मॅनेजर रेडिओवर विचारत होता, मी का थांबले. कस्तुरीनं माझं मनगट धरलं आणि एवढंच विचारलं, "पाय हाय का?"

"आहे," मी म्हणाले.

मांडीचं हाड आणि खुबा. हॉस्पिटलमध्ये शारदाअक्का रोज डबा घेऊन यायच्या आणि तिच्या उशाशी बसून कन्नडमध्ये पुटपुटत राहायच्या. डॉक्टरांनी सांगितलं, चालेल, पण शर्यत विसरा. तिचे वडील येऊन तिला विजापूरला घेऊन गेले. संयोजकांनी दिलगिरी कळवली. खडी कुणी सांडली, टिपर कुणी सोडला, ते आजपर्यंत कुणी सांगितलं नाही.

आईनं फोनवर घरी बोलावलं. मी गेले. काही दिवस अंगणात बसून होते. घरासमोरून ट्रॅक्टर गेला की माझे हात आपोआप आवळायचे. आई ते बघायची आणि भाजी निवडत राहायची. एका सकाळी मी तिला सांगितलं, मी परत जाते. ती रडेल असं वाटलं होतं. तिनं फक्त विचारलं, तिथं तुझं कोण आहे? मी उठून बॅग भरायला घेतली.

मी बंगळूरला परतले, त्याला आता वर्ष होत आलं. परवा कस्तुरी काठी टेकत बसवनगुडीचा जिना चढून वर आली. या रविवारी तीच शर्यत आहे, तोच रस्ता, आणि तेच आश्वासन की झाडून घेऊ. या वेळी मुख्य रायडर मी आहे. मला वाटलं, ती मला नको म्हणायला आलीय.

"मार्शल म्हणून नाव दिलंय मी," ती म्हणाली. "त्या वळणावर. दुसरं कोण उभं राहिलं, तर मला पटायचं नाही."

काल आम्ही रस्ता बघून आलो. खाण चालू आहे. वाकलेला कठडा कुणी बदललेला नाही.

जे माझ्यासारखे घर सोडून गेले, ते विचारतात, आता घर कुठलं वाटतं? तासगावला आई-बाबा आहेत. इथं अक्कांची कॉफी आहे, आता मी ती पिऊन निघते. पण रविवारी सकाळी, माथ्यावरून उताराला लागताना, माझं घर त्या वळणावर काठी टेकून उभं असेल. तिच्या हातात पिवळा झेंडा असेल. तो हलला तर मी थांबणार आहे. हलला नाही, तरी माझी बोटं ब्रेकवरून निघायची नाहीत.