इनासचा खालचा सूर

इनास गेल्याचा फोन आला तेव्हा सकाळचे सहा चाळीस झाले होते आणि मी गच्चीवर पाण्याच्या टाकीची पातळी बघत होतो. सायमन म्हणाला, "फिलिप, इनास गेला रे." मी विचारलं, "किती वाजता?" तो म्हणाला, "वेळ घेऊन काय करणार आहेस?" मी खाली आलो, टाकी पाऊण भरल्याचं बायकोला सांगितलं आणि मग इनासचं सांगितलं. त्याच क्रमाने. भुईगावच्या त्याच्या वाडीत पहाटे केळीचा लोंगर उतरवून तो बांधावर टेकला होता, तो पुन्हा उठला नाही.

आमच्याकडे शवपेटीचं झाकण लावण्याआधी घरीच एखादं गाणं म्हणतात. इनासच्या बायकोने, मेरीवहिनीने, आम्हाला सांगितलं, "तुम्हीच म्हणा. दुसरं कोण म्हणणार?" चौघांच्या आमच्या गाण्याच्या गटातले उरलेले आम्ही तिघे पेटीच्या उजव्या बाजूला उभे राहिलो. सायमनने मुख्य चाल धरली, लोरसने वरची, मी मधली. खालची जागा रिकामी होती. गाणं दोन मिनिटं दहा सेकंदांत संपलं, एरवी ते अडीच मिनिटं चालतं. लोक रडत होते. मी दारातल्या चपलांच्या रांगा मोजत होतो. मला रडू आलं नाही आणि त्याची लाजही वाटली नाही... काहीच वाटलं नाही, एवढंच खरं.

आमचा चौघांचा गट तीस वर्षांपूर्वी जमला. सायमन आणि मी वसईतल्या पापडीचे, चर्चच्या गायनवृंदातले. सायमनचे मामा जहाजावर होते. त्यांनी एकदा सात कॅसेट आणल्या, सगळ्या अमेरिकेतल्या खेड्यापाड्यांतल्या गाण्यांच्या, ज्याला कंट्री म्युझिक म्हणतात त्या. शेत, आई, रविवारची प्रार्थना, कामासाठी घर सोडून गेलेला माणूस. आम्हाला त्यात परकं असं काही सापडलं नाही. इंग्रजी शब्द आम्ही देवनागरीत उतरवून घेतले आणि पुढे चालीवर आपलेच शब्द बसवले, वाडीचे, विहिरीचे, बावखलातल्या, म्हणजे वाडीतल्या तळ्यातल्या, बदकांचे. लोरस पाचूबंदरच्या कोळ्यांतला. त्याचा आवाज इतका वर जायचा की पहिल्यांदा ऐकल्यावर सायमनच्या आईने आतून विचारलं, "कोणाची बाई आली रे?" यावर लोरस म्हणाला होता, "मावशी, मीच हाय. पानी दे आधी, मंग हस." आता खालचा आवाज हवा होता. तो सायमनला एका लग्नात सापडला. केळीची पानं पोचवायला आलेला एक माणूस मांडवामागे एकटाच, बँडच्या सुराखाली दोन पायऱ्या उतरून गुणगुणत होता. तो इनास.

गटाचं नाव 'वाडी बॉईज'. पन्नाशी उलटली तरी नाव तेच राहिलं. लोरसच्या नातवाने त्यावरून आमची पुष्कळ थट्टा केली. सायमनने चौघांसाठी रुंद काठाच्या टोप्या आणल्या होत्या. इनासने ती एकदाही घातली नाही. "रात्रीच्या लग्नात ऊन कुठनं येणार?" असं विचारून तो ती खुर्चीखाली ठेवायचा. फोटोंमध्ये तीन टोप्या आणि एक टक्कल दिसतं. लग्नं, सण, नाताळ, विरार-नालासोपाऱ्याच्या सोसायट्यांचे कार्यक्रम आणि एकदा गोवा. माझ्या वहीत एकूण चारशे अठरा कार्यक्रम आहेत.

आमची एक ठरलेली पद्धत होती. शेवटच्या गाण्याचं शेवटचं कडवं आलं की सायमन गिटार खाली ठेवायचा आणि ती पुन्हा हातात घ्यायचा नाही. पुढचं सगळं नुसत्या गळ्यावर. त्यातली शेवटची ओळ आम्ही तिघे म्हणायचो आणि तिचा अगदी शेवटचा शब्द इनास एकटा, खाली, सावकाश सोडायचा. जेवणाऱ्या पंगतीसुद्धा तेवढ्यापुरत्या थांबायच्या. लोकांना आमचं दुसरं काही आठवत नसेल, पण तो शब्द आठवतो.

आता वहीबद्दल लिहिलं पाहिजे. मी वसई पूर्वेच्या एका कारखान्यात मापं तपासतो. माझ्या टेबलावर येणारा प्रत्येक भाग एक तर पुढे जातो, नाही तर परत जातो. गाण्याच्या बाबतीतही मी तेच करत आलो. कार्यक्रमाची जागा, गाणी, कोणाचं कुठे चुकलं, सगळं मी लिहून ठेवायचो. सुमारे अडीच वर्षांपूर्वी मला जाणवायला लागलं की इनासचा शेवटचा शब्द खाली पडतो. सुरात बसत नाही. मी लिहीत गेलो. एकवीस कार्यक्रमांपैकी तेरा. इनास तेव्हा साठीला आला होता. वयाने गळा उतरतो हे सगळ्यांना पटण्यासारखं होतं. मी वही घेऊन सायमनच्या ओटीवर गेलो, चौघेही होते, आणि आकडे वाचून दाखवले.

सायमन पायाकडे बघत बसला. लोरस चिडला. "अरे, मानूस हाय तो. तुझ्या कारखान्यातला बोल्ट नाय."

मी म्हणालो, "मी माणसाबद्दल बोलत नाही. सुराबद्दल बोलतोय."

इनासने चहा संपवला. मग म्हणाला, "मी तर सुरू करतो तिथंच असतो रे."

"तेरा वेळा, इनास."

"बरं," तो म्हणाला. "तू मोजलंयस म्हणजे असेल." उठताना त्याने माझ्या खांद्यावर हात ठेवला, त्यात राग नव्हता. त्यानंतर तो आमच्यात गायला नाही.

त्याची जागा कीबोर्डने घेतली. सायमनची मुलगी खालची सुरावट वाजवायला लागली, शेवटच्या कडव्यातसुद्धा. आणि आमचं गाणं सुधारलं. कडव्याचा शेवट घट्ट बसायला लागला. मी वहीत तसं लिहिलं आणि माझं बरोबर होतं याचा पुरावा म्हणून त्याकडे बघितलं. इनास कार्यक्रमांना यायचा, मागच्या रांगेत बसायचा, शेवटी येऊन "छान झालं" म्हणायचा. बाजारात भेटला तर पिशवीतली चार केळी काढून द्यायचा. आम्ही पावसापाण्याबद्दल बोलायचो. दोन वर्षं अशी गेली.

तो गेल्यावर त्याच्या महिन्याच्या मिस्सेला, म्हणजे चर्चमधल्या प्रार्थनेला, आम्ही गावं असं ठरलं. मी म्हणालो, कीबोर्ड नको, इनासची खालची सुरावट मी शिकून घेतो. त्यासाठी जुनी रेकॉर्डिंग काढली. वेगवेगळ्या लग्नांत लोकांनी फोनवर केलेली चौदा मिळाली. फोनमध्ये सूर दाखवणारं एक ॲप घेतलं. त्यात सुई असते, सूर नेमका असला की मध्यावर थांबते. सायमनची गिटार थांबते तिथला सूर मी कागदावर लिहिला. मग आम्हा तिघांची ओळ लावली. मग इनासचा शब्द.

इनास गिटारच्या सुरात होता. अर्धा सूर वर चढलो होतो ते आम्ही तिघे. गिटार खाली ठेवली की लोकांची शांतता अंगावर यायची आणि आम्ही हळूहळू वर सरकायचो. तिघे एकत्र सरकत असल्यामुळे एकमेकांना ते कळायचं नाही. मग इनास त्याच्या जागेवरून शब्द टाकायचा आणि तो खाली पडल्यासारखा वाटायचा. कीबोर्ड आल्यावर आम्ही सरकायचे थांबलो, कारण कीबोर्ड सरकत नाही आणि त्याला कोणी वही वाचून दाखवत नाही. मी प्रत्येक रेकॉर्डिंग तीनदा तपासलं. चौदापैकी अकरांत हेच. उरलेल्या तीनमध्ये आवाज नीट येत नव्हता. मी इनासला आमच्याशी ताडून बघितलं होतं, सुरुवातीच्या सुराशी नाही. कारखान्यात नव्या माणसाला पहिल्या दिवशी मी हेच शिकवतो, की माप मूळ नमुन्याशी ताडायचं, शेजारच्या भागाशी नाही.

मी सायमनला आणि लोरसला सांगितलं. सायमन म्हणाला, "आम्हाला तरी कुठं कळलं होतं?" लोरस म्हणाला, "त्याला म्हाईत व्हतं. तरी उठून गेला." वहीत तेरा नोंदी होत्या, त्या प्रत्येकीसमोर मी लाल शाईने दुरुस्ती लिहिली. पण वही मी सोडून कोणी वाचत नाही. इनासचा गळा उतरला म्हणून तो थांबला, असं वसईत पुष्कळांना वाटतं, आणि ते माझ्यामुळे वाटतं. म्हणून इथे लिहितो आहे. इनासचा गळा उतरला नव्हता. चूक माझी होती.

हे मेरीवहिनीला सांगणं उरलं होतं. मिस्सेच्या आदल्या दुपारी भुईगावला गेलो. वहिनी ओटीवर चाफ्याच्या कळ्या निवडत होत्या. मी फोन काढून दोन रेकॉर्डिंग लावली, सुई दाखवली, आकडे सांगितले. त्यांनी ऐकून घेतलं.

"मला सुरातलं काही कळत नाही, भाऊ. तुम्ही काय सांगताय, थोडक्यात?"

"इनास बरोबर होता. आम्ही चुकत होतो."

"मग हे त्यांना सांगायचं होतं ना." आवाज चढला नव्हता. त्यांनी दोन कळ्या बाजूला टाकल्या. "बसा. की चला माझ्याबरोबर, झाडांना पाणी लावायचंय."

वाडीच्या टोकाला विहिरीजवळ पंपाची खोली आहे. आठ फूट बाय सहा, वर पत्रा, आत मोटार आणि एक लाकडी स्टूल. मी त्या खोलीत कधी गेलो नव्हतो. वहिनी दारातच थांबल्या. "गाणं सोडल्यावर रोज इथं बसायचे. मोटार लावून. पाणी पार शेवटच्या केळीला पोचायचं, तरी बंद नाही करायचे. मी ओरडायचे, अहो, वाडी बुडवता का? तर म्हणायचे, थांब गं, ही एकटीच जागची हलत नाही. हिच्याबरोबर म्हणून घेतो."

"काय म्हणायचा?"

"तुमचीच गाणी. सगळी. खालचं-खालचं." त्यांनी बटणाकडे हात केला. "दाबा."

मी दाबलं. मोटार घरघरली आणि मग एका सुरावर लागली. सवयीने खिशातला फोन काढला, सुई बघावीशी वाटली, मग तो तसाच परत ठेवला. स्टूलवर बसलो. शेवटचा शब्द इनाससारखा खाली घ्यायचा प्रयत्न केला, पण माझा गळा तिथे पोचला नाही, नुसती हवा निघाली. मग माझा रोजचा मधला भाग म्हणायला घेतला. मोटारीवर लक्ष ठेवून, सावकाश, एक ओळ, दुसरी ओळ. बाहेर पाटाला पाणी सुटल्याचा आवाज येत होता. मला वाटलं, जमतंय.

वहिनी दाराबाहेरून म्हणाल्या, "भाऊ, वर चाललात."

मी थांबलो. मोटार तिथेच होती. पुन्हा पहिल्या ओळीपासून सुरू केलं.