भट्टीतल्या करंज्या

आमच्या मधूने आयुष्यात एखादी गोष्ट एका दमात ठरवली असेल तर शपथ! माझा धाकटा भाऊ. रेल्वेच्या ऑफिसात जन्म गेला त्याचा, तिथे म्हणे त्याच्या कामाला कुणी नाव ठेवत नसे. पण घरी आला की झालंच. भेंडी घेऊ की तोंडली, या विचारात भाजीवाल्यासमोर उभा राहायचा, आणि मागून अनुसूया येऊन दोन्ही पिशवीत टाकायची. भूक लागली का विचारलं तर हा बायकोच्या तोंडाकडे बघणार. मला असा राग यायचा! "अरे, पोट तुझं की तिचं?" तो नुसता हसायचा. अनुसूया म्हणायची, "असू द्या हो अक्का, बरं चाललंय आमचं."

ती अनुसूया यंदा श्रावणात गेली. ताप आला काय, दवाखान्यात नेलं काय, आठवड्यात सगळं आटोपलं. एकुलत्या एक लेकीचं, शलाकाचं लग्न तिने फाल्गुनात हौसेने लावून दिलं होतं. जावई सलील, भोपाळला नोकरीला, गुणी मुलगा. अनुसूया गेल्यापासून मधू घरात असा वावरायचा, जणू कुणाकडे पाहुणा आलाय आणि चप्पल कुठे काढायची तेच त्याला कळत नाहीये.

आणि दिवाळी आली. जावयाचा पहिला दिवाळसण, आणि घरातलं माणूस गेल्याचं पहिलं वर्ष. आता काय करायचं? आमच्यात वर्षभर घरात कढई चढत नाही. तळणीचं काही म्हणजे काही करायचं नाही, फराळ नात्यातल्यांनी नाहीतर शेजाऱ्यांनी आणून द्यायचा. झाशीतली आमची जुनी मराठी घरं आता बोटांवर मोजण्याइतकी उरली, पोरं आपसात सरळ हिंदी बोलतात, पण हा नियम अजून कुणी मोडलेला नाही. माझं सासर लक्ष्मी गेटपाशीच, मधूच्या घराला लागून. तेव्हा फराळ माझ्याकडून जाणार, हे ठरलेलंच होतं. यात गोंधळ व्हायला जागाच नव्हती. पण मधू आहे ना!

दिवाळीच्या पंधराएक दिवस आधी मी त्याच्याकडे बसले होते. त्याने शलाकाला फोन लावला. "बेटा, आई करंजीत काय भरायची गं?"

 पलीकडून पोरगी एकदम उसळली. "मला काय विचारताय? मला नकोत करंज्या-बिरंज्या! आणि आईच नाही तर दिवाळीला येऊन मी करू तरी काय?" फट्दिशी फोन ठेवला.

संध्याकाळी सलीलचा फोन आला. आम्ही येतोय, म्हणाला; आदल्या दिवशी पोचू, दिवाळीच्या सकाळी फराळ करू आणि दुपारच्या गाडीने निघू. भाऊबीजेपर्यंतसुद्धा नाही, माझ्या मुलांना ओवाळायलासुद्धा नाही! मी म्हटलं, हे काय येणं झालं? हे तर हजेरी लावणं झालं.

मधू पंख्याकडे बघत बसला होता. मग म्हणाला, "अक्का, यंदा ती अशी जेवल्यासारखं करून निघून गेली ना, तर परत येणार नाही. माहेर संपलं असंच तिला वाटेल."

 मी पडले मोठी बहीण. "वेड्या, मी करते ना करंज्या. डबा भरून आणते."

"तुझ्या करंज्या तुझ्या, अक्का."

"म्हणजे? माझ्या काय परक्या?"

"तसं नाही गं. तिच्या घरच्या हव्यात. या घरात केलेल्या."

"या घरात कढई चढत नाही!"

"ते आहेच," म्हणाला, आणि पुन्हा पंख्याकडे बघायला लागला. असा माणूस! भांडायचं तरी कसं याच्याशी?

त्यानंतर त्याने साऱ्या गल्लीला भंडावून सोडलं. अनुसूया करंजीत काय भरायची? जन्मभर खाल्ल्या आणि आत काय होतं ते याला सांगता येईना. मी म्हटलं, मराठी बाईची करंजी, नारळच असणार, त्यात विचारायचं काय? शेजारच्या पाठक भाभी म्हणाल्या, "नहीं नहीं जिज्जी, खोया डालती थीं अनुसूया. चिरौंजी तो मुझसे मँगवाती थीं." आता ही बाई खोटं कशाला बोलेल? अनुसूयाचे वडील झाशीजवळच्या एरचला पोस्टमास्तर होते, ती वाढली बुंदेली बायकांच्या ओट्यावर, तेव्हा खवाही भरत असेल. मग मलाच शंका आली. मी तिच्या हातची करंजी शेवटची कधी खाल्ली? मधुमेह झाल्यापासून तिचा डबा आला की मी देवापुढे ठेवते आणि नातवंडांना वाटून टाकते. नातवंडांना फोन केला, तर एक म्हणाला नारळ, दुसरी म्हणाली खसखस असायची बहुतेक. बहुतेक! म्हणजे माझंही डोकं चक्रावलं. एवढी माणसं बाईच्या हातचं खाऊन तृप्त झाली, आणि आत काय होतं ते एकालाही धड सांगता येऊ नये?

दिवाळीला चार-पाच दिवस राहिले असतील. मधू दुपारी माझ्याकडे आला तो धापा टाकतच. चेहरा असा उजळलेला की मला भीतीच वाटली.

"अक्का, भट्टीत कढई नसते!"

"काय?"

बड्या बाजारात गेला होता. तिथल्या भट्टीवाल्याकडे दिवाळीआधी ही गर्दी असते. आपापला आटा, तूप, साखर डब्यात घालून न्यायची, आणि त्याच्याकडून बिस्किटं भाजून आणायची. घरोघर तीच रीत. मधू त्या रांगेकडे बघत उभा राहिला आणि त्याच्या डोक्यात प्रकाश पडला. करंजी तळायचीच नाही, भाजून आणायची. कढई नाही, तळण नाही, नियमही मोडत नाही.

"आणि शास्त्राचं काय?" मी म्हटलं.

"तेच विचारायला आलो. चालेल का गं?"

मला काय ठाऊक? आमच्या आजीच्या वेळी कुणी करंजी भट्टीत घालत होतं का? दामोदर गुरुजींना फोन लावला. ते म्हणाले, तळण वर्ज्य, हे पक्कं. भट्टीचं म्हणाल तर... आणि पोथीची पानं चाळल्याचा आवाज आला. मग म्हणाले, बघून सांगतो. अजून बघतायत.

मी चिडून म्हटलं, "कर बाबा, काय वाट्टेल ते कर. मला विचारू नकोस." आणि दुसऱ्या दिवशी सकाळी न राहवून त्याच्या स्वयंपाकघरात जाऊन बसले. मी हात लावणार नाही, असं आधीच बजावलं होतं. हात लावला असता तर त्या माझ्या झाल्या असत्या ना!

काय तो पसारा, बाई गं! रवा-मैदा भिजवलेला, कुठे घट्ट, कुठे सैल. मोहन घातलंय की नाही ते त्याला आठवेना, म्हणून बहुधा दोनदा घातलेलं. नारळ खवला होता, खवा भाजला होता, आणि दोन्ही परातींच्या मध्ये हा बसलेला, भाजीवाल्यासमोर उभा राहायचा तस्साच. मी दात-ओठ खात बघत होते. थोड्या वेळाने त्याने मान वळवली. सवयीने. मागे कुणी नव्हतं. मग त्याने दोन्ही एकत्र केलं, त्यात खसखस ओतली, पाठक भाभींची चिरौंजी, म्हणजे आपली चारोळी, ओतली, बेदाणे ओतले, आणि सारण म्हणून ते भरायला बसला. एकीकडे कड दाबली की दुसरीकडून सारण बाहेर यायचं. मला तिथून उठून जावंसं वाटत होतं आणि जाववतही नव्हतं.

स्टीलचा मोठा डबा घेऊन आम्ही रिक्शाने बड्या बाजारात गेलो. भट्टीवाल्याने झाकण उघडलं आणि माझ्याकडे बघितलं. "अम्मा, गुजिया तो तली जाती है."

"हमें मालूम है, भैया. इनको समझाइए."

मधूने हात जोडले. "सेंक दीजिए भैया जी. जैसी बने."

जशा व्हायच्या तशा झाल्या. निम्म्या फुटल्या, सारण बाहेर येऊन करपलं. उरलेल्या वरून पांढऱ्याफटक आणि खालून काळ्या. मी एक वाजवून बघितली, खरंच वाजली. पण मधू डबा छातीशी धरून रिक्शात बसला होता. 

दिवाळीच्या सकाळी दारात पणती होती, आकाशकंदील नव्हता. शलाका आदल्या दिवशी आल्यापासून कामापुरतं बोलत होती. आईच्या खोलीत पाऊल टाकलं नव्हतं तिने. दाराशी बॅग भरून ठेवलेली. मी माझा फराळ मांडला, चिवडा, शंकरपाळी, चकल्या, आणि मधूने मधोमध त्याची ताटली आणून ठेवली.

सलीलने एक उचलली आणि चावली. कट्कन आवाज झाला. "छान आहे हो, बाबा."

"खोटं बोलू नका, जावईबापू," मी म्हटलं. "दात सांभाळा."

शलाका ताटलीकडे बघत होती. तिचा चेहरा लाल झाला. "घरात तळण केलंत? आईला जाऊन किती दिवस झाले, बाबा?"

"नाही गं, तळल्या नाहीत, त्या भट्टीत..." मधू चाचरायला लागला.

"पण कशाला? नको म्हटलं होतं ना मी?"

माझा तोल सुटला. खरं तर तिचंच म्हणणं मी पंधरा दिवस मधूला ऐकवत होते. पण त्या क्षणी मला तिचा असा संताप आला! "अगं कार्टे, तुझ्या बापाने जन्मात चहा केला नाही, तो दिवसभर पिठात हात घालून बसला होता! कुणासाठी?"

"अक्का, राहू दे," मधू म्हणाला. मग तिच्याकडे वळला, आणि जे विचारायचं नव्हतं तेच विचारून बसला. "तू परत येशील ना गं?"

 शलाकाने हाताला चाळा म्हणून एक करंजी उचलून मोडली. नारळ, खवा, खसखस, बेदाणे, सगळं ताटलीत सांडलं.

"हे काय काय भरलंय, बाबा?"

"मला आठवेना. अक्का म्हणते नारळ. भाभी म्हणतात खवा. तू काही सांगितलं नाहीस. म्हटलं, सगळंच घालावं. त्यातलं एखादं तरी तिचं असेल."

तिने हातातला तुकडा उलटून बघितला. मग खालच्या आवाजात म्हणाली, "मलाच ठाऊक नव्हतं, बाबा. म्हणून फोन ठेवला. दर दिवाळीला ती हाका मारायची, ये, भरायला बस माझ्याजवळ. मी म्हणायचे, अगले साल, मम्मी."

आणि तो करपका तुकडा तिने तोंडात टाकला. आम्ही तिघंही तिच्या तोंडाकडे बघत राहिलो. ती चावत होती, डोळ्यांतून धारा लागलेल्या, तरी चावतच होती.

"आहे का गं तिच्यासारखं काही?" मधूने विचारलं.

"कळत नाहीये." तिने नाक पुसलं. "सलील, तू जा दुपारच्या गाडीने. मी भाऊबीज करून येते. मला अजून खाऊन बघावं लागेल."

मधूने माझ्याकडे पाहिलं. हे खरं समजायचं की कसं, ते त्याला माझ्याकडून हवं होतं.

"बघतोस काय माझ्याकडे?" मी ओरडले. "दे तिला अजून एक!"