बंधाऱ्यावरचा सोबती

आई गेल्यापासून अण्णा घरात बोलेनासे झाले. जेवलात का विचारलं तर नुसती मान हलवायचे. संध्याकाळी मात्र मांजरेच्या बंधाऱ्यावर जायचे. तिथली दारं उघडण्या-लावण्यात त्यांची सगळी नोकरी गेली होती.

एकदा पुलावरून जाताना मी स्कूटर थांबवली. खाली बंधाऱ्याच्या भिंतीवर एक म्हातारा गळ टाकून बसला होता आणि अण्णा त्याच्याशी हातवारे करत भरभरून बोलत होते. म्हातारा हसत मान डोलवत होता. त्या अनोळखी माणसाचा मला इतका हेवा वाटला की डोळे भरून आले. मग मी रोजच पुलावर थांबायला लागले.

अण्णांना ताप आला, त्या दिवशी मी खाली गेले. म्हाताऱ्यानं उपरण्यानं शेजारची जागा झटकून दिली.

"मी अण्णांची मुलगी. ते काय बोलतात तुमच्याशी?"

तो हसला, मान डोलवली. पुन्हा विचारलं, पुन्हा तेच. शेवटी मी कानाशी जाऊन ओरडले.

"काय की, माय," तो म्हणाला. "वरडल्याबिगर मला ऐकूच येत न्हाई. पर बोलताना त्यायचं तोंड लई खुलतंय. त्यायला सांगू नका, यायचे बंद होतील."

मी सांगितलं नाही. आता थर्मासमध्ये दोघांचा चहा देते. हेवा मात्र गेलेला नाही. अण्णा आईबद्दल बोलत असतील, कदाचित माझ्याबद्दलही, आणि त्यातलं अक्षरही ऐकू न येणाऱ्या माणसाला ते सगळं रोज मिळतं.