बोरमळा. टँकर. न्हाय.

सकाळी साडेदहा. सोलापूर, आमच्या पेपरचं ऑफिस, दुसरा मजला. मे महिना, पंखा फुल, हवा गरम.

डेस्कच्या कॉम्प्युटरवर गावोगावचे मेसेज येत होते. माढ्याची बातमी आली, पूर्ण वाक्यांत, ‘मा.’ आणि ‘श्री.’सकट. करकंबची आली, तीही नटूनथटून. मग सांगोल्याचा आमचा वार्ताहर बिभीषण, त्याचा मेसेज आला.

‘बोरमळा. टँकर. न्हाय.’

आमचे डेस्कप्रमुख पाठकसर पूर्वी कॉलेजात व्याकरण शिकवायचे. त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला.

“याला वाक्य म्हणतात?”

“वाक्य नसेल. बातमी आहे,” मी म्हणालो. “बोरमळा वस्तीवर पाणी पोचलेलं नाही. काल हाच मेसेज होता, परवाही हाच होता.”

“मग तसं लिहायला काय होतं त्याला?”

मी बातमीदार, ते बातम्या तपासणारं डेस्क. मी भांडलो. पान सहावर तीन ओळी मिळाल्या. तीन ओळींनी कुणाची घागर भरत नाही, पण सुरुवात म्हणून मी गप्प बसलो.

पेपरच्या ऑफिसात दोन गोष्टी साठतात, रद्दी आणि किस्से. रद्दीवाला महिन्याला येऊन जातो. किस्स्यांना गिऱ्हाईक नाही, म्हणून मी ते चहाच्या टपरीवर फुकट वाटतो. आमच्याकडचे बहुतेक एकाच भांडणाचे आहेत. शब्द मोठे की व्याकरण?

*

बिभीषणची पद्धत समजून घ्या. हा माणूस दिवसभर मोटरसायकलवर. डाळिंबाचे क्रेट पोचवतो, मोबाइलचं दुकान चालवतो, उरलेल्या वेळात आमची बातमीदारी करतो. थांबला की एका अंगठ्याने सुटे शब्द टाइप करतो आणि किक मारतो. ऑफिसात म्हणायचे, “बिभीषण कापड पाठवतो, पाठकसर शिवतात.”

एकदा कापड आलं: ‘सरपंच. ग्रामसेवक. चप्पल. गर्दी.’

पाठकसरांनी पाच मिनिटांत शिवून दिलं. सरपंचांनी ग्रामसेवकास चपलेने मारहाण केल्याने गावात तणाव. पानावर लागायच्या आधी मी सहज बिभीषणला फोन केला.

“मारलं कुटं?” तो म्हणाला. “ग्रामसेवकाची चप्पल देवळाभायेरनं चोरीला गेली. सरपंचानं आपली काडून दिली. सरपंच अनवानी घरला गेला, ते बगाय गर्दी.”

“अरे मग क्रियापद लिहीत जा की.”

“क्रियापद लिवाय गेलो तर गाडी खड्ड्यात जाती, सायेब. आन तुमच्याकडं क्रियापदं पगारावर हायेत की.”

पाठकसर दोन दिवस माझ्याशी बोलले नाहीत. पण तेव्हापासून ऑफिसात नियम झाला. शिवायच्या आधी फोन. हा नियम लक्षात ठेवा.

*

आमची नवी वार्ताहर लावण्या सोलापूरच्या पूर्व भागातली. घरात तेलुगू, वडील यंत्रमागावर. मराठी ती शाळेत शिकली, आणि अशी शिकली की पाठकसरांना तिच्या कॉपीत, म्हणजे लिहिलेल्या बातमीत, लाल पेन लावायला जागा मिळेना. ते तिला ‘आदर्श’ म्हणायचे. आम्हाला नुसतं आडनावाने हाक मारायचे.

तिची बाहेरची पहिली असाइनमेंट होती भाजीबाजार. मी बरोबर होतो. लावण्याने एका मेथीवाल्या बाईपुढे वही उघडली आणि अदबीने विचारलं,

“मावशी, या बाजारात आपणांस कोणत्या समस्या भेडसावतात?”

बाईने जुडीवर पाणी मारलं.

“मला कोन बी भेडसावत न्हाय बाई. हितं मीच समद्यांना भेडसावते.”

शेजारच्या चार टोपल्या हसल्या. लावण्या परत आली आणि पाठकसरांना म्हणाली, “सर, वाक्य बरोबर होतं.”

“मग?”

“तिथे कुणी राहत नाही त्या वाक्यात.”

पाठकसरांनी तिला धीर देण्यासाठी उदाहरण दिलं. व्याकरण म्हणजे ताणा, उभा धागा; शब्द म्हणजे बाणा, आडवा; दोन्ही मिळून चादर. सोलापुरात हे उदाहरण सगळ्यांनाच सुचतं. ज्यांच्या घरात माग आहे त्यांना सोडून.

“सर,” लावण्या म्हणाली, “दोन्ही असलं तरी लाइट लागते.”

*

याच्या उलट टोक म्हणजे आमचे फोटोग्राफर सलीमभाई. घरी दखनी उर्दू, बाहेर मराठी. सलीमभाईंच्या मराठीत मंत्री ‘आली’ आणि गाडी ‘आला’. पण त्यांनी “जरा इकडे बघा की” म्हटलं की भांडणारे दोन आमदार एकमेकांच्या खांद्यावर हात टाकतात. त्यांचं म्हणणं कुणाला कळलं नाही, असं मी तरी पाहिलेलं नाही.

पाठकसरांना हे सहन व्हायचं नाही. रोज चहाला शिकवणी. “तो पंखा, ती खुर्ची, ते ताट. म्हणा.”

“सर, खुर्चीला काय फरक पडतो? बसाय देते ना?”

मग सलीमभाईंच्या मुलाचा वलीमा, लग्नानंतरची मेजवानी, झाला. पाठकसरांनी पुस्तक आणून महिनाभर उर्दू केली होती. पंगतीत बसले. शाकाहारी माणूस, म्हणून खास पुलाव होता, वर ब्रेडचा गोड डबल का मीठा. वाढायला सलीमभाईंचे थोरले भाऊ, हातात हा मोठा डाव.

पाठकसरांचं पोट भरलं. त्यांनी मान झुकवून सुरुवात केली. “जनाब, आपकी मेहमाननवाज़ी का मैं तहे दिल से शुक्रगुज़ार हूँ, मगर अब मेरे लिए मज़ीद...”

‘मगर’ला पहिला डाव पडला. ‘मज़ीद’ला, म्हणजे ‘आणखी’ला, दुसरा. सरांनी वाक्य पुन्हा पहिल्यापासून सुरू केलं, कारण अर्धवट वाक्य त्यांना चालत नाही. क्रियापद यायच्या आत ताट भरत होतं. थोरल्या भावांना तर वाटत होतं, पाहुणा जेवणाची तारीफच करतोय.

शेवटी सलीमभाई धावत आले आणि त्यांनी सरांचा पंजा धरून ताटावर आडवा केला.

“एवढंच करायचं, सर. ह्याला ग्रामर नाही.”

*

पाठकसर त्यानंतर थोडे मऊ झाले होते. तेवढ्यात सांगोल्याला पाणीटंचाईची बैठक लागली.

पान सहावरच्या माझ्या तीन ओळींचं रोज रडगाणं चालू होतं. बोरमळ्यातल्या बाया दोन किलोमीटरवरून पाणी आणत होत्या, तेही एका बागायतदाराने मोटर चालू ठेवली तर. बैठकीला जिल्ह्याचे बडे साहेब होते, मूळचे परराज्यातले. माणूस सरळ. मास्तर लावून मराठी शिकलेला. साहेबांचं व्याकरण आपल्या चार पुढाऱ्यांना वाटून उरलं असतं.

वस्तीवरची सोनाबाई उठली. हातात रिकामी कळशी, पुरावा म्हणून आणलेली.

“सायेब, पानी न्हाय.”

साहेबांनी पेन उघडलं. “मावशी, नीट सांगा. पाणी आलं नाही, की येत नाही, की येणार नाही?”

 मास्तरने शिकवलेले काळ साहेबांनी ओळीने मांडले होते, आणि प्रश्न त्यांनी मनापासून विचारला होता.

सोनाबाईने कळशी दुसऱ्या हातात घेतली.

“तिन्ही.”

साहेबांनी तिच्याकडे पाहिलं, कळशीकडे पाहिलं, आणि तिथल्या तिथे सांगितलं, सोमवारपासून बोरमळ्याला टँकर. ठेकेदाराचा माणूस मागच्या रांगेतून “हो साहेब” म्हणाला.

बिभीषणचा मेसेज आला: ‘सायेब. सोनाबाई. तिन्ही. सोमवार.’

पाठकसर स्वतः फोनवर बसले. त्याच्याकडून सगळं ऐकलं, मग शिवलं, आणि ‘तिन्ही’ हा शब्द होता तसा ठेवला. मथळ्यात. मी उठून त्यांना चहा आणून दिला. माझ्या नोकरीत डेस्कला मी स्वतःहून दिलेला तो एकमेव चहा.

*

त्याच आठवड्यात पुण्याहून मॅनेजमेंटचा एक तरुण माणूस लॅपटॉप घेऊन आला. सॉफ्टवेअर आलं होतं. शब्द टाका, बातमी तयार.

“म्हणजे शिंपी गेला,” सलीमभाई म्हणाले. पाठकसरांनी चष्मा पुसला.

डेमोला बिभीषणचा त्या दिवशीचा मेसेज घेतला. ‘शेळी. विहीर. पोलीस.’ चहा निवायच्या आत स्क्रीनवर तीन परिच्छेद. शेळी विहिरीत पडून मृत्युमुखी, पोलिसांकडून पंचनामा, पशुपालकावर संकट, परिसरात हळहळ.

पाठकसर वाकून वाचत राहिले. विभक्ती जागेवर, अनुस्वार जागेवर, शेवटी पूर्णविराम. असं कौतुक त्यांच्या चेहऱ्यावर लावण्याच्या कॉपीलासुद्धा आलं नव्हतं.

लावण्याने तेवढ्यात कोपऱ्यात जाऊन फोन केला होता. “सर, शेळी जिवंत आहे. पोलिसाचीच आहे. विहिरीच्या कठड्याला बांधली होती, दाव्यासकट पळाली. दोन पोलीस शोधतायत.”

“मग हळहळ कुणाची?” मी विचारलं.

पुण्याचा माणूस हसला. “सर, तो फाइन ट्यूनिंगचा भाग आहे.”

मग त्याने नवी सिस्टिम सांगितली. फोन बंद, वेळ जातो. ज्यांना पूर्ण वाक्य लिहिता येत नाही असे वार्ताहर बंद.

मी म्हणालो, “ज्याला शब्द मिळवता येतात त्याला काढताय, आणि ज्याला नुसती वाक्यं येतात ते ठेवताय.”

“तुम्ही भाषेचं फार मनावर घेता, सर.”

“मी पाण्याचं मनावर घेतोय. सोमवारी टँकर जातोय की नाही, ते सांगोल्यातून कळवणार कोण?”

त्याने लॅपटॉप मिटला. रविवारी संध्याकाळी सॉफ्टवेअर चालू झालं आणि बिभीषणला वार्ताहरांच्या ग्रुपमधून काढलं. मी त्याला फोन केला तर म्हणाला, “बरं झालं. अंगठा दुकत हुता.” मग जरा थांबून विचारलं, “पर सायेब, उद्या टँकरचं कुनाला सांगायचं?”

“मला सांग,” मी म्हणालो.

*

सोमवारी मी कोर्टात होतो, एका जुन्या केसच्या तारखेला. मोबाइल बाहेर जमा. संध्याकाळी हातात आला तेव्हा बिभीषणचा मेसेज होता. ‘बोरमळा. टँकर. न्हाय.’ मी चार ओळी लिहून डेस्कला पाठवल्या. उत्तर आलं, ‘सांगोला पान छपाईला गेले आहे.’

मंगळवारी सकाळी पेपर उघडला. पान सहा, डाव्या हाताला, दोन कॉलम.

‘बोरमळ्यात अखेर टँकर दाखल, ग्रामस्थांत समाधान’

खाली सोनाबाईची प्रतिक्रिया होती. ‘प्रशासनाने तत्परतेने दखल घेतल्याबद्दल आम्ही समस्त महिलावर्ग त्यांचे ऋणी आहोत.’

फोन वाजला. बिभीषण.

“सायेब, सोनाबाई हितं हुबी हाय. ती इचारतीया, मी ह्ये कवा म्हनली?”

मागून सोनाबाईचा आवाज आला. “आन समस्त म्हंजी कोन, ते बी इचार.”

“टँकर?” मी विचारलं.

“न्हाय की. पर पेपरात आलाय न्हवं? ठेकेदारानं तुमचं कात्रण फोनवरनं मोट्या सायेबाच्या हापिसात धाडलंय. तितं आता पानी सुरू झाल्याची नोंद हाय. मी गेलो तर बाबू म्हनला, तुमच्याच पेपरात हाय, तुमीच खोटं म्हनताय व्हय?”

मी पेपर घेऊन डेस्कवर गेलो आणि पाठकसरांच्या पुढ्यात आपटला. सगळं ऑफिस उभं राहिलं. आवाज चढवायची मला सवय आहे, पण त्या दिवशी तो आपोआप खाली आला.

“वाचा,” मी म्हणालो.

पाठकसरांनी लाल पेन उघडलं. बातमी एकदा वाचली. पुन्हा वाचली. पेनाचं टोक प्रत्येक ओळीवरून हळूहळू सरकत शेवटपर्यंत गेलं आणि पूर्णविरामापाशी थांबलं. कुठेच खूण करता येईना.

“चूक नाही हो यात,” ते म्हणाले. 

खुलासा छापा म्हणून आम्ही दोघांनी सही करून पुण्याला मेल टाकला. उत्तर आलं की खुलाशासाठी सांगोल्याच्या अधिकृत वार्ताहराचा दुजोरा लागेल.

आज शुक्रवार. सकाळी माझ्या मोबाइलवर मेसेज आलाय. शब्द तेच, तीन.

आणि त्या मंगळवारच्या बातमीवर, मथळ्याखाली, ठळक अक्षरांत छापलंय: ‘आमच्या वार्ताहराकडून, सांगोला’. बिभीषणला रविवारी काढलं. दुसरा अजून नेमलेला नाही. सोमवारी सांगोला तालुक्यात आमचा एकही वार्ताहर नव्हता.

मग त्या यंत्रात ‘बोरमळा’, ‘टँकर’ आणि ‘समाधान’ हे शब्द टाकले कुणी, हे मी डेस्कला, पुण्याला आणि साहेबांच्या ऑफिसला, तिघांनाही विचारलेलं आहे.