एक-शून्य असताना फोडलेली सुपारी

आमच्या लग्नाची तारीख खेमेन्टेने, म्हणजे इथल्या नगरपालिकेने, आठ मिनिटांत दिली. माझ्या वडिलांचा होकार मिळायला चौदा महिने लागले, आणि त्यातला शेवटचा सव्वा तास तर एका फुटबॉलच्या सामन्याने खाल्ला.

माझा नवरा जर्मन आहे. एनस्खेडेच्या विद्यापीठात आम्ही एकाच मजल्यावर संशोधन करत होतो. त्याचे आईवडील जर्मन असूनही राहतात सीमेच्या अलीकडे, नेदरलँड्समध्ये, कारण एकेकाळी इकडे घरं स्वस्त होती. शरीर इकडे, जीव तिकडे. सीमेपलीकडे गाडीने तासाभरावर त्यांच्या पिवळ्या-काळ्या संघाचं मैदान आहे, आणि त्या घरात तोच एक धर्म आहे. दिवाणखान्यातल्या फळीवर मैदानातल्या गवताचा एक वाळका झुबका काचेच्या बरणीत ठेवलाय. त्यावर धूळ बसू देत नाहीत.

धर्म आला की सैतानही आला. सैतान म्हणजे दक्षिणेकडचा लाल संघ. श्रीमंत, आणि बहुतेक वर्षी तोच पहिला. वर्षातून दोनदा हे दोघे एकमेकांशी भिडतात तेव्हा त्या घरात कोणी आजारीही पडत नाही. तिथे लाल टूथब्रश नाही, लाल टॉवेल नाही. टोमॅटो आहेत, पण ते सॅलडमध्ये काकडीखाली असतात.

आता माझ्या घराकडे वळू. बाबा पाटबंधारे खात्यातले निवृत्त इंजिनियर. आवाज न चढवता नकार देण्यात त्यांचा हात कोणी धरणार नाही. चौदा महिने ते माझ्या होणाऱ्या नवऱ्याला ‘तो विषय’ म्हणत होते. ‘तो विषय नंतर बघू.’ शेवटी आईने तिकिटं काढली आणि त्यांना विमानात बसवलं. इथे आल्यावर तीन दिवस ‘तो विषय’ त्यांना गाडीतून फिरवत होता, दारं उघडून देत होता, आणि उत्तम इंग्रजी येणारे बाबा त्याच्याशी माझ्यामार्फत मराठीत बोलत होते. ‘त्यांना सांग, ट्यूलिप पाहिले.’

आईला जर्मन जावई चालणार होता, मुहूर्ताशिवायचा जावई चालणार नव्हता. तिने पुण्याच्या गुरुजींना फोनवर एनस्खेडेचे अक्षांश-रेखांश सांगून सुपारी फोडायचा मुहूर्त काढला: शनिवारी संध्याकाळी सहा बेचाळीस ते आठ सात. यानंतरचा मुहूर्त आईबाबा पुण्याला परत गेल्यावर होता. सुपारी फुटली की लग्न ठरलं, आणि ती फोडायची बाबांनी. म्हणजे चौदा महिन्यांचा विषय त्या पंच्याऐंशी मिनिटांत मिटणार होता, नाहीतर पुन्हा पुण्याला जाणार होता.

मी ही वेळ माझ्या होणाऱ्या नवऱ्याला कळवली. त्याने फोनमधलं कॅलेंडर दोनदा पाहिलं. मग म्हणाला, “शनिवारी, साडेसहाला?” मी म्हटलं, हो, काही अडचण आहे? तो म्हणाला, “नाही.” शहाण्या बाईने तिथेच ओळखायला हवं होतं, की त्याच वेळी लालांशी सामना आहे. चार वर्षं त्याच्याबरोबर काढून मला साधं सामन्याचं वेळापत्रक माहीत नव्हतं. भारत-पाकिस्तानच्या दिवशी कोणी पुण्यात बोलणी ठेवली असती तर आमच्या घरी कोणकोण काय बोललं असतं, हे मला चांगलं माहीत आहे. त्याच्या वडिलांनी मात्र एवढंच म्हटलं, की पाहुण्यांनी जरूर यावं, टीव्हीही चालू राहील.

आम्ही सहा पंचविसाला त्याच्या आईवडिलांच्या घरी पोचलो आणि आई गाडीतून उतरेना. बेचाळीसच्या आधी उंबरा ओलांडायचा नाही. सतरा मिनिटं आम्ही चौघं त्यांच्या दारासमोर गाडीत बसून होतो. साडेसहाला सामना सुरू झाला. त्याचे वडील खिडकीत उभे राहून एक डोळा टीव्हीवर आणि एक आमच्यावर ठेवून होते. आमचं भांडण चाललंय असं त्यांना वाटलं. तसं ते चाललंही होतं, कारण मला तेव्हाच आईच्या कोटाखालची साडी दिसली. लालभडक.

“आई, मी तुला सांगितलं होतं, लाल नको.”

“शुभकार्याला लाल नको? मग काय, त्यांच्यासारखं काळं नेसू?”

दार उघडलं, आईने कोट काढला आणि त्याची आई अर्धा क्षण भिंतीला टेकली. बाई मोठी धीराची. तिने खुंटीवरचा पिवळा-काळा मफलर काढून हसतहसत माझ्या आईच्या गळ्यात घातला. पाहुणचार समजून आई हसली आणि माझ्या कानात फिसकारली, “अगं, काळं आहे यात!”

“अर्धं पिवळं आहे. हळद समज.”

या गडबडीत बाबा आत गेले आणि समोर दिसलेल्या खुर्चीत बसले. ती खुर्ची त्याच्या वडिलांची होती. तिच्यात त्यांची बायकोसुद्धा बसत नाही. बाबांची पाठ खुर्चीला टेकली आणि पिवळ्यांनी गोल केला.

पुढचं नीट सांगता येणार नाही. त्याचे वडील ओरडले, उडाले, आणि उतरताना त्यांनी बाबांच्या टकलाचा मुका घेतला. बाबा ताडकन उठायला गेले तर त्यांचे दोन्ही खांदे धरून त्यांना खाली दाबण्यात आलं. “नाइन, नाइन!” म्हणजे नाही, नाही. मी समजावून सांगायला पुढे झाले, पण बाबांना सगळं समजलं होतं. आमच्या घरी क्रिकेटला हाच कायदा होता: भागीदारी रंगात आली की जो जिथे असेल त्याने तिथेच राहायचं. एकदा शेजारच्या काकू विरजण मागायला आल्या होत्या, त्यांना बाबांनी वाटी हातात धरून सात षटकं दारात उभं ठेवलं होतं. हा कायदा इथेही लागू आहे हे बघून तीन दिवसांत पहिल्यांदा त्यांचा चेहरा खुलला. ते ऐसपैस बसले. हातात बिअर आली, तीही चालली.

मध्यंतरात त्याच्या वडिलांनी या वैराचं मूळ सांगायला घेतलं. ते जर्मनमध्ये, मी मराठीत. आम्ही पोरं शोधून आणतो, ते म्हणाले, मिसरूड फुटायच्या आधीपासून. शिकवतो, वाढवतो, लोक त्यांना डोक्यावर घेतात. आणि पोरगा ऐन भरात आला की हे लाल येतात आणि घेऊन जातात. पोरगाही हसत जातो. वर म्हणतो, आता माझी प्रगती होईल.

बाबांनी शेवटपर्यंत ऐकलं. मग टीव्हीकडे बघत म्हणाले, “त्यांना सांग, मला पूर्ण कळतंय. आमच्याकडचीही नेलीये.”

मी ते भाषांतर केलं नाही. मला राग आला होता, आणि त्याहून जास्त वाईट वाटलं होतं. मला कोणी नेलं नव्हतं. मी माझ्या पायांनी आले होते, शिष्यवृत्ती मिळवून, आणि विमानतळावर सगळ्यात मोठ्याने टाळ्या यांनीच वाजवल्या होत्या.

उत्तरार्ध सुरू झाला. पावणेआठ झाले. आईने खाली फरशीवर पाट नाही म्हणून वर्तमानपत्र पसरलं, त्यावर नारळ, हळदकुंकू, सुपारी मांडली आणि खुर्चीकडे बघायला लागली.

“अहो, उठा.”

“अगं, उठता येत नाही. बघतेयस ना.”

सात पंचावन्न. “अहो, मुहूर्त टळतोय.”

“एक-शून्य आहे. त्यांच्या घरात बसून त्यांचं वाटोळं करू?”

तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला. बाबांना याहून चांगलं निमित्त जन्मात मिळालं नसतं. होही म्हणायला नको, नाहीही म्हणायला नको. नुसतं बसून राहायचं. आणि यजमान त्यांच्या बाजूने!

“बाबा,” मी ओठांवर हसू ठेवून म्हटलं, कारण बाकीचे बघत होते, “तुम्ही सामना बघत नाही आहात. तुम्ही लपून बसलाय.”

त्यांचे कान लाल झाले. त्या घरात तोही गुन्हाच.

आमच्या मराठीतलं एक अक्षरही माझ्या नवऱ्याला कळत नव्हतं, पण घड्याळ कळत होतं. तो उठला, गॅरेजमध्ये गेला आणि हातोडी घेऊन आला. आईने वरवंटा आणला नव्हता, त्यावर आदल्या दिवशी हा तोडगा निघाला होता. एक-शून्य, सामन्याची शेवटची पंधरा मिनिटं, लाल पिसाळल्यासारखे चाल करतायत, त्याचे वडील नखं खातायत. तो वर्तमानपत्राजवळ आला आणि टीव्हीकडे पाठ करून मांडी घालून बसला. मांडी त्याला नीट जमत नाही. गुडघे वर राहतात. त्याने हातोडी बाबांच्या बाजूला ठेवली आणि मान खाली घालून सुपारीकडे बघत बसला. बाबांना उठा म्हणाला नाही. मागे गर्दी दोनदा ओरडली, तरी त्याने वळून पाहिलं नाही.

बाबा त्याच्या झुकलेल्या डोक्याकडे बघत होते. मग पडद्याकडे. मग पुन्हा त्या डोक्याकडे. असं किती वेळ चाललं सांगता येणार नाही, मला तो फार वाटला.

मग ते उठले.

“नाइन,” त्याचे वडील हळूच म्हणाले, ओरडायचंही त्राण नसल्यासारखे. बाबा गुडघ्यावर हात टेकत खाली बसले. आईने भराभर हळदकुंकू वाहिलं. बाबांनी सुपारीला हात लावून डोळे मिटले, हातोडी उचलली आणि एकच घाव घातला. सुपारी फुटली. आठ वाजून चार मिनिटं झाली होती. त्याच क्षणी मैदानावरचे हजारो पिवळे गप्प झाले, आणि एका कोपऱ्यातून थोडेसे लाल केकाटले.

एक-एक.

खोलीत कोणी हललं नाही. त्याचे वडील रिकाम्या खुर्चीकडे बघत होते. माझ्या नवऱ्याने अजूनही मागे वळून पाहिलं नव्हतं, पण त्याला कळलं होतं. त्याचे खांदे उतरले. आईच्या गळ्यातला मफलर सुटून कुंकवात पडला, तोही कोणी उचलला नाही.

बाबांच्या हातात हातोडी तशीच होती. त्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही. पहिल्यांदाच त्याच्या डोळ्यांत बघून, सरळ त्याच्याशी, इंग्रजीत ते म्हणाले, “मी उठलो की त्यांचा गोल होणार, हे मला माहीत होतं. तरी उठलो.”

तो हे वडिलांना जर्मनमध्ये सांगायला वळला. दोनदा सुरुवात केली, आणि दोन्ही वेळा ‘तरी उठलो’पाशी येऊन अडकला.