विंडसर, पाच तास

"मेला हे कळलं. ठेवलाय कुठे?"

कुठल्याही इंग्लिश राजाचं नाव निघालं की काका हा प्रश्न विचारायचे आणि उजव्या चपलेची टाच जमिनीवर दोनदा आपटायचे. जणू महाराज खालच्या मजल्यावर राहतात आणि आवाज केला की लुंगी सावरत वर येतील. शिकागोजवळच्या शॉमबर्गमधल्या आमच्या टाउनहाउसला खाली बेसमेंट होतं आणि तिथे फक्त वॉशिंग मशीन होतं. पण टाच आपटून झाल्यावर काका दोन क्षण थांबत, आणि खालून काही हालचाल नाही याचं समाधान त्यांच्या चेहऱ्यावर स्पष्ट दिसे.

तुम्ही म्हणाल, मराठी माणसाच्या घरात इंग्लिश राजांची नावं निघतात कशाला? निघत नसत. काका काढत.

शेजारच्या घरात माझ्याच ऑफिसातला एक इंजिनिअर राहायचा, त्याचे हे वडील. सातारा जिल्ह्यातल्या एका शाळेत पस्तीस वर्षं इतिहास शिकवून रिटायर झालेले. त्या वर्षी मुलानं हौसेनं आईवडिलांना अमेरिका दाखवायला आणलं होतं. अमेरिका दाखवायला म्हणजे, सकाळी साडेसातला दोघांना घरात बसवून मुलगा आणि सून दोन गाड्यांतून दोन दिशांना जात आणि संध्याकाळी परत येऊन विचारत, "मग, कशी वाटली अमेरिका?" मी त्यांना नावं ठेवत नाही. माझे आईवडील आले होते तेव्हा मीही त्यांना हीच अमेरिका दाखवली होती.

मग काका-काकू आमच्याकडे येऊन बसत. काकांच्या हातात एक निळी वही असे. लहानपणी, साहेबाचं राज्य असताना, त्यांना या राजांची यादी पाठ करावी लागली होती. एक हेन्री मागेपुढे झाला की हातावर छडी. "आठ हेन्री होते," काका सांगत, "पाचव्यालाच माझा हात सुजला." मोठेपणी त्यांनी सूड घ्यायचं ठरवलं. राजांना मारायची सोय नव्हती, ते आधीच मेले होते. म्हणून काकांनी एकेकाला कुठे पुरलंय ते पुस्तकांतून हुडकून वहीत उतरवून घेतलं. का, तर सगळे नक्की आत आहेत ना, एवढी खात्री असावी.

"पहिला विल्यम. नॉर्मंडीत ठेवला. पेटीत मावेना म्हणून ढकलला, तर फुटला. आता मांडीचं एक हाड काय ते शिल्लक." हे ते आमच्याकडे पुरणपोळी खाताना सांगत. बायको मला दुसरी पोळी वाढायला आली की माझा हात आपोआप ताटावर आडवा होई. काका मात्र तूप मागून घेत. "सिंहाच्या काळजाचा रिचर्ड. धड एका गावात, काळीज दुसऱ्या, आतडी तिसऱ्या. तिन्ही गावं फ्रान्समध्ये. इंग्लंडच्या वाट्याला नुसता पुतळा. पहिला जॉर्ज तर जर्मनीतच राहिला. आणि तुमचा तो आठवा हेन्री..." तो माझा कधी झाला ते मला कळलं नाही, "सहा लग्नं केली, स्वतःसाठी हे एवढं थोरलं थडगं करायला टाकलं, ते पुरं झालंच नाही. विंडसरच्या किल्ल्यात चॅपलच्या जमिनीखाली आहे. वर एक लादी. आपल्याकडे न्हाणीघराला याहून बरी लावतात."

मी एकदा, आपल्यालाही काही येतं हे दाखवायला, व्हिक्टोरिया राणीचं विचारलं.

"तीही विंडसरलाच. पण किल्ल्यात नाही, बाहेर बागेत, नवऱ्याशेजारी. माहेरच्या माणसांपासून लांब."

एकाच राजाच्या नावापुढे वहीत जागा कोरी होती. तिसरा रिचर्ड. लढाईत मेला, कुठेतरी घाईनं पुरला, पुढे त्याची हाडं नदीत टाकली असं लोक सांगत. काकांना ते पटत नसे. "इंग्रज काही टाकून देत नाही," ते म्हणत. "कुठे ठेवलंय ते विसरतो."

"आणि तुम्ही?" काकू शेंगा सोलता सोलता विचारत. "मेलेल्यांचे पत्ते पाठ आहेत. स्वतःचा चष्मा कुठे ठेवलाय ते रोज मला विचारता."

काकूंनी एक अट घातली होती. परत जाताना विमान लंडनला थांबतं, तर उतरून एकदा ते विंडसर बघून घ्यायचं आणि मग वही कायमची बंद. "मी स्वतः टाच आपटून बघणार," त्या म्हणाल्या. "कोणी उठलं नाही तर सुटले मी."

जानेवारीत काकू गेल्या. सकाळी चहा ठेवायला उठल्या आणि स्वयंपाकघरातच खाली बसल्या. ॲम्ब्युलन्स आली तोपर्यंत संपलं होतं.

दोन दिवसांनी एक पेटी मिळाली, बुटाच्या खोक्याएवढी, वर टाइप केलेलं काकूंचं नाव, स्पेलिंग चुकलेलं. आपल्याकडे अस्थी घरात घेत नाहीत, बाहेर झाडाला टांगतात. आमच्या कॉलनीत झाडाला पक्ष्याचं घरटं टांगायचं तरी कमिटीकडे अर्ज करावा लागे. काकू टांगायला कोणता फॉर्म भरायचा यावर मी आणि काकांचा मुलगा अर्धा तास गंभीरपणे बोललो, यावरून आमच्या दोघांच्या बुद्धीची कल्पना यावी. शेवटी तडजोड झाली. दारालगतचं कोटांचं कपाट. म्हणजे घरात, पण नसल्यासारखं. डिसेंबरात मुलाला रजा मिळाली की सगळे एकदम भारतात जाऊ आणि विसर्जन करू, असं ठरलं. काकांचा व्हिसा वाढवून घेतला.

त्यानंतर दोन महिने काकांची टाच वाजली नाही. ते आमच्याकडे येत, बसत, वही मांडीवर मिटलेली. माझी मुलगी त्यांना लाडानं विचारी, "आजोबा, हू डाइड टुडे?" आणि तिची आई तिला आत घेऊन जाई.

मार्चमध्ये एका संध्याकाळी ते एवढंच म्हणाले, "विंडसर राहिलंच की हो."

आता इथे माझा प्रवेश. मी कोणाचं दुःख पाहू शकत नाही, लगेच नकाशा काढतो. रोड ॲटलसच्या मागची सूची उघडली, डब्ल्यूवर बोट फिरवलं आणि दोन मिनिटांत विंडसर सापडलं. डेट्रॉइटच्या समोर, नदीपलीकडे.

"काका, पाच तास," मी म्हणालो.

काका माझ्याकडे बघत राहिले. "मोटारीनं?"

"इंटरस्टेट आहे हो. सरळ रस्ता. शनिवारी चला."

"ते विंडसर?"

"तेच. कॅनडात आहे. त्यांच्या नोटेवर राणीच आहे ना?"

हसताय? हसा. तेव्हा माझ्या लेखी जगातली प्रत्येक गोष्ट एकतर शिकागोच्या पूर्वेला होती नाहीतर पश्चिमेला, आणि वाटेत टोल किती एवढाच काय तो प्रश्न. राजांची थडगी कॅनडात कशी, ही शंका माझ्या मनाला शिवली नाही. ती कुठेही असू शकतात, असं काकांनीच नव्हतं का शिकवलं?

काकांनी मांडीवरची वही बाजूला ठेवली. मग म्हणाले, "चला."

शनिवारी सकाळी काका कोट-टोपी घालून तयार. हातात विमान कंपनीची चेनची पिशवी. डिकीत ठेवू का म्हटलं, तर म्हणाले, मांडीवर बरी आहे. काय आहे विचारलं तर म्हणाले, "घरचंच आहे." माझ्या डोळ्यांसमोर दशम्या आणि लसणाची चटणी उभी राहिली. बायकोनं सँडविच देऊ केलं होतं, ते मी याच आशेवर नाकारलं. इंडियानात मी पहिल्यांदा सुचवलं, पिशवी उघडायची का? काका म्हणाले, एवढ्यात नको. मिशिगनमध्ये मी पुन्हा म्हटलं, थोडं तोंडात टाकू या. काकांनी पिशवी जरा जवळ घेतली. म्हातारा चिकट आहे, असं मी मनात म्हणालो.

पाच तासांचे साडेसहा झाले. डेट्रॉइटला नदीकाठी गाडी उभी केली. पलीकडे विंडसर. दोन-चार उंच इमारती, चिमण्या, धूर. किल्ला कुठे दिसेना. पार्किंगवाल्याला मी विचारलं, किल्ला या काठाला आहे की त्या? आणि शनिवारी उघडा असतो ना? तो अजिबात गोंधळला नाही. म्हणाला, याच काठाला, दोन सिग्नल सोडून डावीकडे, चोवीस तास उघडा.

मी विजयी मुद्रेनं काकांकडे पाहिलं. दोन सिग्नल सोडून डावीकडे वळलो.

पांढऱ्या फरशांचं, वर खोटे बुरूज काढलेलं, नावातच 'किल्ला' असलेलं ते हॅम्बर्गरचं दुकान होतं.

मी त्याच्या पार्किंग लॉटमध्ये गाडी लावली, कारण दुसरं काय करायचं ते सुचेना. आत जाऊन दोन कॉफी आणि काकांना चालतील म्हणून तळलेले बटाटे आणले. गाडीत बसलो. भुकेनं आणि लाजेनं माझा जीव अर्धा झाला होता. म्हटलं, "काका, आता तरी ती पिशवी उघडा."

काकांनी चेन ओढली. आत बुटाच्या खोक्याएवढी पेटी होती, वर टाइप केलेलं, स्पेलिंग चुकलेलं नाव.

"काका, हे..."

"ही," काका म्हणाले.

मी स्टिअरिंग धरून बसलो. दोन राज्यांत दोनदा मी काय खायची सूचना केली होती, हे माझ्या ध्यानात यायला फार वेळ लागला नाही. कॉफी मी हातातच धरून ठेवली.

मग म्हणालो, "हे ते विंडसर नव्हे."

"नव्हेच. ते इंग्लंडात आहे. पस्तीस वर्षं शिकवत होतो मी."

"मग शॉमबर्गलाच का नाही बोललात?"

काकांनी एक बटाटा उचलून निरखला, खाल्ला. "ही गेल्यापासून सगळे 'बसा' म्हणतात. बाबा, बसा. काका, तुम्ही बसा. 'चला' म्हणणारे तुम्ही एकटेच भेटलात. रस्ता चुकतोय म्हणून काय अशा माणसाला थांबवायचं?" मग त्यांनी पेटीवरून बोट फिरवलं. "आणि हिलाही जरा बाहेर काढायचं होतं. व्हॅक्यूम क्लीनरशेजारी ठेवलीय हो. साऱ्या जगाला पत्ते विचारत फिरलो मी. मला कोणी विचारलं, घरचं माणूस ठेवलंय कुठे, तर काय सांगू? कोटांखाली?"

मी बटाट्यांचा पुडा त्यांच्याकडे सरकवला. बोललो असतो तर त्यातही चूकच केली असती.

"डिसेंबरपर्यंत नाही थांबवत मला," काका म्हणाले. "मुलाला म्हणायचा धीर होत नाही, बिचारा रजेसाठी झुरतोय. माझं एकट्याचं तिकीट कराल? तेवढं लंडनवरून करा."

रात्री घरी पोचल्यावर मुलाशी मी बोललो. तो आधी चिडला, मग कपाटासमोर बराच वेळ उभा राहिला, मग म्हणाला, कर. तिकीट मी स्वतः बघून केलं. लंडनला चार तासांचा थांबा मुद्दाम शोधून काढला. व्हिसा नसेल तर त्या चार तासांत माणसाला विमानतळाबाहेर सोडत नाहीत, एवढंच विचारायचं राहिलं.

एप्रिलमध्ये काका भारतात परत गेले. महिन्याभरानं त्यांचं परदेशी टपालाचं निळं पत्र आलं. माझ्या नावापुढे 'भूगोलतज्ज्ञ' असं लिहिलं होतं. आत मजकूर थोडाच. लंडनला बाहेर सोडलं नाही, काळजी नसावी. विमान उतरताना खिडकीतून मोठा किल्ला दिसला. विंडसरच ना, हे हवाईसुंदरीला विचारून घेतलं, तुम्ही सोबत नव्हता म्हणून उत्तर बरोबर मिळालं. दहा राजे आत, व्हिक्टोरिया बागेत. पिशवी खिडकीशी उंच धरली होती. हिनं कबूल केलं होतं म्हणून हिच्या वतीनं टाच दोनदा आपटली. शेजारच्या गोऱ्या गृहस्थानं पाय आवरायला सांगितलं. खाली कोणी उठलं नाही. घरी पोचल्यावर सातव्या दिवशी माहुलीच्या संगमावर हिला सोडलं. वही बंद केली आहे.

तीन वर्षांनी ऑफिसच्या कॉरिडॉरमध्ये त्यांच्या मुलानं सांगितलं, बाबा गेले. माझ्या तोंडातून निघालं, "ठेवलंय कुठे?" तो म्हणाला, "कुठे ठेवणार? आईपाठोपाठ, संगमावर."

मध्यंतरी बरीच वर्षं लोटली. मी रिटायर झालो, आता मलाही सगळे 'बसा' म्हणतात. आणि एक दिवस टीव्हीवर बातमी आली, तिसरा रिचर्ड सापडला. नदीत नव्हताच. इंग्लंडमध्ये एका पार्किंग लॉटच्या खाली होता. शेकडो वर्षं तिथेच, आणि वर लोक गाड्या लावत होते.

मी उडालोच. म्हणजे देश चुकला, किल्ला चुकला, पण काकांना राजा दाखवायला मी पार्किंग लॉटमध्ये नेलं, हे तत्त्वतः अगदी बरोबर होतं. हे ताबडतोब कोणाला तरी सांगायला हवं म्हणून फोनपर्यंत गेलो, आणि उभा राहिलो.

त्या शनिवारी डेव्हन ॲव्हेन्यूला, म्हणजे शिकागोतल्या आपल्या लोकांच्या बाजारात, वाणसामान आणायला गेलो होतो. दुकानामागच्या पार्किंगमध्ये गाडी लावली, उतरलो, इकडेतिकडे पाहिलं आणि उजव्या बुटाची टाच दोनदा आपटली. दोन क्षण थांबलो.

"काय शोधताय?" बायको म्हणाली.

"काही नाही," मी म्हणालो. "आपलं कोणी खाली नसतं."